चोर, संन्यासी आणि यंत्राचा उंबरठा

बंगळुरूच्या चौकांत, बाजारपेठांत आणि वर्दळीच्या रस्त्यांवर गेल्या काही वर्षांत पोलिसांचे सात हजारांहून अधिक कॅमेरे उभे राहिले आहेत. निर्भया निधीतून देशातील आठ महानगरांसाठी ‘सेफ सिटी’ योजना आखली गेली. तिचा हा बंगळुरूतील भाग. २०२१ साली हनीवेल कंपनीला या कामाचे सुमारे ४९६ कोटी रुपयांचे कंत्राट मिळाले आणि मार्च २०२३ मध्ये केंद्रीय गृहमंत्र्यांच्या हस्ते नियंत्रण केंद्राचे उद्घाटन झाले. कॅमेऱ्यात टिपलेला चेहरा पोलिसांकडील छायाचित्रांशी ताडून पाहण्याची सोय या योजनेतच अंतर्भूत आहे. कॅमेरे किती, कोटी किती, पडदे किती, हे सारे आकडे जाहीर होतात. यंत्राने किती वेळा ‘हाच तो’ असे म्हटले आणि त्यांपैकी किती वेळा तो ‘तो’ नव्हताच, हा आकडा मात्र उद्घाटनाच्या भाषणांत कधी येत नाही.

भौतिकशास्त्राच्या विद्यार्थ्याला पदवीच्या पहिल्या सत्रात, लंबकाचा आवर्तकाल मोजतानाच बजावले जाते की ज्या मापनाशेजारी त्रुटी लिहिलेली नाही, ते मापन वहीत उतरवू नये. एका दोरीला टांगलेल्या गोळीसाठी जी शिस्त आवश्यक मानली जाते, ती एक कोटीहून अधिक माणसांच्या शहरावर रोखलेल्या उपकरणासाठी अनावश्यक कशी ठरते, याचे उत्तर कोणी देत नाही. सुरक्षितता आणि खासगीपणा यांचा तोल साधला पाहिजे, हे वाक्य मंत्री, न्यायाधीश, संपादक असे सगळेच उच्चारतात. तोल साधायचा तर दोन्ही पारड्यांत काहीतरी मोजलेले असावे लागते. आजवर या तराजूच्या एका पारड्यात भीती आणि दुसऱ्यात तत्त्व एवढेच ठेवले गेले आहे. वजने कोणी आणलेलीच नाहीत.

वजने आणता येत नाहीत असेही नाही. लंडनच्या महानगर पोलिसांनी आपली चेहरा-ओळख प्रणाली ब्रिटनच्या नॅशनल फिजिकल लॅबोरेटरीकडे तपासणीस दिली. सेकंद आणि किलोग्रॅम यांची मानके सांभाळणारी ही संस्था. तिचा अहवाल २०२३ साली प्रसिद्ध झाला. शोध-यादीत दहा हजार चेहरे असतील आणि जुळणीचा उंबरठा ०.६ इतका ठेवला असेल, तर रस्त्यावरून जाणाऱ्या सुमारे सहा हजार निरपराध माणसांमागे एकाकडे यंत्र चुकीने बोट दाखवते. यादी एक हजाराची असेल, तर हेच प्रमाण साठ हजारांत एक होते. यादीतील माणूस खरोखर समोरून गेला, तर शंभरपैकी सुमारे ८९ वेळा तो ओळखला जातो. उंबरठा खाली आणला की चुका वाढतात आणि त्या कृष्णवर्णीयांच्या वाट्याला अधिक येतात, हेही तिथेच नोंदले आहे. अहवाल वाचून एखाद्याने या प्रणालीचे समर्थन करावे, दुसऱ्याने विरोध करावा; दोघांच्या हाती निदान समान आकडे आहेत.

हे आकडे बंगळुरूला लावून पाहण्यासारखे आहेत. समजा, शहरातील कॅमेऱ्यांसमोरून दिवसाकाठी दहा लाख चेहरे जातात. हे गृहीतक आहे, पण बंगळुरूची वर्दळ पाहता उदार नव्हे. यादी दहा हजारांची आणि यंत्र लंडनमध्ये तपासलेल्या यंत्राइतकेच चांगले मानू. सहा हजारांत एक या हिशेबाने रोज सुमारे १६७ खोटे इशारे मिळतील. त्या दिवशी यादीतील दहा माणसे शहरात फिरत असतील, तर नऊ सापडतील. म्हणजे नियंत्रण कक्षात एकूण १७६ वेळा घंटा वाजेल आणि त्यांपैकी नऊ वेळा ती खरी असेल. वीस इशाऱ्यांतले एकोणीस चुकीच्या माणसाकडे नेणारे. सहा हजारांत एकच चूक करणारे यंत्र कोणत्याही परीक्षेत प्रावीण्यासह उत्तीर्ण होईल. पण शोधली जाणारी माणसे गर्दीच्या तुलनेत अत्यंत दुर्मीळ असल्यामुळे त्याच्या हाती येणारा माणूस बहुधा निर्दोष असतो. संख्याशास्त्राच्या पुस्तकात हे उदाहरण रोगनिदानाच्या चाचणीच्या रूपाने येते आणि परीक्षेनंतर विसरले जाते.

यादी दहापट वाढली की खोट्या इशाऱ्यांचे प्रमाणही जवळजवळ दहापट वाढते, हे लंडनच्या दोन आकड्यांतच दिसते. कणभौतिकीत काम करणाऱ्यांना ही गोष्ट ‘लुक-एल्सव्हेअर इफेक्ट’ या नावाने परिचित आहे: जितक्या अधिक जागी शोधावे, तितकी कुठेतरी काहीतरी सापडल्याचा भास होण्याची शक्यता वाढते. डिसेंबर २०१५ मध्ये सर्नच्या महाकाय त्वरकावरील दोन्ही मोठ्या प्रयोगांना ७५० गिगा-इलेक्ट्रॉनव्होल्टच्या आसपास एक उंचवटा दिसला. त्या एका ठिकाणापुरते पाहिले, तर अ‍ॅटलस प्रयोगातील संकेत ३.९ सिग्माचा होता. सगळ्या शोधक्षेत्राचा विचार करता तो सुमारे दोन सिग्मांवर येत होता. तरीही जगभरच्या सिद्धांतकांनी त्यावर शेकडो शोधनिबंध लिहिले. ऑगस्ट २०१६ पर्यंत अधिक विदा जमा झाली आणि उंचवटा नाहीसा झाला. त्यात कोणाचे नुकसान झाले नाही. काही कागद वाया गेले आणि काही विनोद जन्मले. शहरातल्या उंचवट्याला मात्र नाव, घर आणि नोकरी असते. अधिक विदा जमा होईपर्यंत तो ठाण्यात बसलेला असतो.

कॅमेऱ्यांची बाजू दुबळी आहे, असे मात्र मुळीच नाही. १ मार्च २०२४ रोजी बंगळुरूच्या ब्रुकफील्ड भागातील रामेश्वरम कॅफेत स्फोट झाला. संशयिताचा मागोवा घेण्यात उपाहारगृहातील आणि बसमधील कॅमेऱ्यांच्या चित्रणाचा मोठा वाटा होता. त्याच्या डोक्यावरची टोपीसुद्धा तपासाचा धागा ठरली. १२ एप्रिल रोजी राष्ट्रीय तपास यंत्रणेने दोघांना पश्चिम बंगालमधून अटक केली. ज्यांना या चित्रणाचे मोल कळत नाही, त्यांनी त्या दिवशी दुपारी तिथे जेवायला गेलेल्यांना विचारावे.

पण या तपासाची जात नीट ओळखली पाहिजे. येथे गुन्हा घडला होता, जागा ठाऊक होती आणि वेळ मिनिटापर्यंत ठाऊक होती. चित्रणातील मर्यादित वेळेत, मर्यादित चेहऱ्यांत शोध घ्यायचा होता. शोधक्षेत्र अरुंद, पूर्वमाहिती भरपूर. अशा स्थितीत एखादी जुळणी सापडली तर तिला अर्थ असतो. प्रत्येक चौकातील प्रत्येक चेहरा प्रत्येक क्षणी एका वाढत्या यादीशी ताडत राहणे हे पूर्णपणे वेगळे काम आहे. तेथे पूर्वमाहिती शून्य आणि शोधक्षेत्र अमर्याद. घटनेनंतर पुरावा म्हणून चित्रण पाहणे आणि घटनेआधीच सर्वांची ओळख पटवत राहणे, या दोन गोष्टींना ‘सीसीटीव्ही’ हे एकच नाव असल्यामुळे पहिलीचे यश दुसरीच्या खात्यावर जमा होते. सुरक्षिततेच्या नावाने जो युक्तिवाद केला जातो, त्यातला दहापैकी नऊ भाग या गल्लतीवर उभा आहे.

महिलांच्या सुरक्षिततेचेही असेच. निर्भया निधी ज्या वेदनेतून जन्मला, तिच्याविषयी कोणी हलक्याने बोलू नये. परंतु राष्ट्रीय गुन्हे नोंद विभागाची आकडेवारी वर्षानुवर्षे सांगते, की बलात्काराच्या दहापैकी नऊहून अधिक प्रकरणांत आरोपी पीडितेच्या ओळखीचा असतो: नातेवाईक, शेजारी, मित्र, मालक. चौकातला कॅमेरा अनोळखी माणसाला शोधतो. रस्त्यावरच्या छेडछाडीला, पाठलागाला त्याने काही आळा बसत असेल. बसत असेल तर तोही मोजून दाखवावा. त्याच पैशांत रस्त्यावर दिवे, रात्रीच्या बस आणि न्यायवैद्यक प्रयोगशाळांतील रिकामी पदे यांपैकी काय काय झाले असते, ही तुलना केल्याशिवाय खर्च योग्य की अयोग्य हे ठरत नाही.

‘कर नाही त्याला डर कशाला?’ हा या चर्चेतला सर्वात लोकप्रिय प्रश्न. यंत्राच्या बाबतीत त्याचे उत्तर गणितानेच दिले आहे. सहा हजारांतला तो एक ‘कर नाही’ याच वर्गातला असतो. खोटा इशारा म्हणजे व्याख्येनेच निर्दोषाकडे दाखवलेले बोट. ‘चोर सोडून संन्याशाला फाशी’ ही म्हण ज्या समाजाने घडवली, त्याला हे नव्याने सांगावे लागू नये. २०२३ च्या आरंभी तेलंगणातील मेदक येथे सोनसाखळी चोरीच्या तपासात, सीसीटीव्ही चित्रणातील माणसाशी साम्य आहे म्हणून पोलिसांनी एका तरुण मजुराला ताब्यात घेतले. कोठडीत मारहाण झाल्याचा आरोप त्याने केला आणि काही दिवसांनी रुग्णालयात त्याचा मृत्यू झाला. उच्च न्यायालयाने या प्रकरणाची स्वतःहून दखल घेतली. तेथे दोष यंत्राचा नव्हे, माणसांचा होता असे कोणी म्हणेल, आणि ते खरेच आहे. पण यंत्राचा इशारा ज्यांच्या हाती पडतो ती माणसे तीच असतात. सारखेपणा हा पुरावा नसून केवळ चौकशीचे निमित्त आहे, ही समज ज्या यंत्रणेत मुरलेली नाही, तिथे प्रत्येक खोट्या इशाऱ्याची किंमत लंडनपेक्षा कितीतरी अधिक असते.

सारखेपणाच्या आकड्याविषयीचा गैरसमज तर पोलिसांपुरता मर्यादित नाही. २०२२ मध्ये माहितीच्या अधिकारातील उत्तरात दिल्ली पोलिसांनी सांगितले, की ८० टक्क्यांहून अधिक साम्य असल्यास ते जुळणी झाली असे मानतात. ऐकणाऱ्याला वाटते, की हाच गुन्हेगार असण्याची शक्यता ८० टक्के. तसे मुळीच नाही. तो आकडा दोन चेहऱ्यांवरून काढलेल्या अंकमालिकांमधील अंतराचे एका पट्टीवर केलेले रूपांतर असतो. शक्यता त्यातून थेट निघत नाही. पट्टी कंपनीगणिक बदलते. एका यंत्रावरचे ८० हे दुसऱ्यावरचे ६० असू शकते. त्याच दिल्लीत २०१८ साली पोलिसांनी उच्च न्यायालयात आपल्या प्रणालीच्या यशाचे प्रमाण दोन टक्के असल्याचे सांगितले होते. तंत्रज्ञान तेव्हापासून फार सुधारले आहे, यात शंका नाही. किती सुधारले, हे अमेरिकेतील मानक संस्थेच्या, ‘निस्ट’च्या, सततच्या चाचण्यांतून कळते. या संस्थेच्या २०१९ च्या अहवालात वेगवेगळ्या देशांतील चेहऱ्यांसाठी खोट्या जुळणीचे प्रमाण दहा ते शंभरपट बदलताना दिसले, आणि स्त्रियांच्या बाबतीत ते पुरुषांपेक्षा अधिक होते. स्त्रियांच्या रक्षणासाठी बसवलेल्या यंत्राविषयी हे वाक्य दोनदा वाचावे असे आहे. युरोपात घडवलेली प्रणाली कन्नड, तमिळ, मराठी किंवा ईशान्येकडील चेहऱ्यांवर कशी वागते, हे मोजल्याशिवाय कळण्याचा मार्ग नाही. बंगळुरूत शिकायला आलेल्या ईशान्येच्या विद्यार्थ्यांची संख्या लक्षात घेता हा प्रश्न पुस्तकी राहत नाही.

इथे कायदा काय म्हणतो हे पाहिले, तर योगायोगाने पुन्हा याच शहरात यावे लागते. कर्नाटक उच्च न्यायालयाचे निवृत्त न्यायमूर्ती के. एस. पुट्टस्वामी बंगळुरूत राहत. २०१२ साली, वयाच्या ८६ व्या वर्षी, त्यांनी आधार योजनेला सर्वोच्च न्यायालयात आव्हान दिले. आधारचे पहिले अध्यक्ष नंदन नीलेकणी याच शहराचे, आणि आधारची विदा-केंद्रे आहेत बंगळुरूत आणि मानेसरला. म्हणजे योजना, तिचा कोठार आणि तिचा पहिला मोठा वादी असे तिघेही एकाच गावचे. सुनावणीत २०१५ साली सरकारने भूमिका घेतली, की राज्यघटनेत खासगीपणाचा मूलभूत अधिकारच नाही. आधार होता १९५४ च्या आणि १९६२ च्या जुन्या निकालांचा. २४ ऑगस्ट २०१७ रोजी नऊ न्यायाधीशांच्या पीठाने ही भूमिका एकमताने फेटाळली. न्यायमूर्ती पुट्टस्वामी ऑक्टोबर २०२४ मध्ये, ९८ व्या वर्षी वारले.

त्या निकालाने पाळतीवर बंदी घातलेली नाही. सरकारला खासगीपणात शिरायचे असेल, तर त्यासाठी कायदा हवा, हेतू न्याय्य हवा आणि वापरलेले साधन हेतूच्या प्रमाणात हवे. निकालातील ‘प्रमाण’ हा शब्द कायद्याच्या विद्यार्थ्यांना नैतिक वाटतो. विज्ञानाच्या विद्यार्थ्याला त्यात भागाकार दिसतो. किती निर्दोष अडकल्यावर किती दोषी सापडले? हा भागाकार करण्यासाठी अंश आणि छेद दोन्ही लागतात. त्रुटी न मोजता प्रमाणबद्धतेचा दावा करणे म्हणजे छेद न लिहिता अपूर्णांक सांगणे. आणि कायद्याची पहिली अट? पोलिसांनी चेहरा-ओळख प्रणाली कशी वापरावी यासाठी संसदेने अजून स्वतंत्र कायदा केलेला नाही. २०२३ चा डिजिटल वैयक्तिक विदा संरक्षण कायदा आला, त्याचे नियम नोव्हेंबर २०२५ मध्ये अधिसूचित झाले. पण त्याच्या १७ व्या कलमानुसार सुरक्षा आणि सार्वजनिक सुव्यवस्थेच्या कारणास्तव केंद्र सरकार कोणत्याही शासकीय यंत्रणेला त्यातून सूट देऊ शकते. खासगी दुकानदाराने ग्राहकाचा दूरध्वनी क्रमांक कसा जपावा, हे या कायद्यात सविस्तर आहे.

जिथे देखरेखीची व्यवस्था कागदावर आहे, तिथे ती कशी चालते याचा एक हिशेब श्रीकृष्ण समितीच्या २०१८ च्या अहवालात सापडतो. दूरध्वनी ऐकण्याचे आदेश गृहसचिव देतात आणि सचिवांचीच एक पुनर्विलोकन समिती दर दोन महिन्यांनी ते तपासते. न्यायाधीश कुठेही नाही. केंद्राकडून महिन्याला साडेसात ते नऊ हजार आदेश निघतात, असे माहिती अधिकारातून उघड झाले होते. त्यामुळे समितीसमोर प्रत्येक बैठकीत १५ ते १८ हजार आदेश येतात, असे अहवाल नमूद करतो. सचिवांनी चहासुद्धा न पिता सलग आठ तास काम केले, तर त्यांच्या हाती २८,८०० सेकंद असतात. प्रत्येक आदेशाच्या वाट्याला दोन सेकंदांहूनही कमी वेळ येतो. डिसेंबर २०२४ मध्ये यासंबंधीचे नवे नियम आले. आदेश देणारे आणि तपासणारे दोघेही शासनाचेच अधिकारी, ही रचना कायम राहिली.

आदेश एखाद्या न्यायाधीशासमोर खरोखर वाचला गेला की काय होते, तेही उपलब्ध आहे. ऑक्टोबर २०१९ मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने एका व्यावसायिकाच्या दूरध्वनीवर पाळत ठेवण्याचे तीन आदेश रद्द केले आणि ध्वनिमुद्रणे नष्ट करण्यास सांगितले. आरोप लाचेचा होता. कायद्याला अपेक्षित असलेली सार्वजनिक आणीबाणी किंवा सार्वजनिक सुरक्षिततेचा प्रश्न तेथे नव्हता. तो निकाल देण्यासाठी दोन सेकंद पुरले नसावेत.

पाळतीचा गैरवापर ही काल्पनिक भीती आहे, असे बंगळुरूने तरी म्हणू नये. राजकारण्यांचे दूरध्वनी ऐकल्याच्या प्रकरणात ऑगस्ट १९८८ मध्ये मुख्यमंत्री रामकृष्ण हेगडे यांना राजीनामा द्यावा लागला, आणि हेगडे त्या काळी मूल्याधिष्ठित राजकारणाचे प्रतीक मानले जात. २०१९ साली पुन्हा तसेच आरोप झाले आणि तपास केंद्रीय अन्वेषण विभागाकडे गेला. पक्ष बदलले, तंत्र बदलले. तारेची जागा सॉफ्टवेअरने घेतली. ज्यांच्या हाती यंत्र असते त्यांचे विरोधक हे यंत्राचे पहिले गिऱ्हाईक, हा क्रम कायम राहिला.

गैरवापर दुष्ट हेतूनेच होतो असेही नाही. मार्च २०२० मध्ये, साथीच्या पहिल्या धास्तीत, कर्नाटक सरकारने गृहविलगीकरणातील लोकांचे पत्ते जाहीर केले आणि मग त्यांना ‘क्वारंटाइन वॉच’ या अ‍ॅपवरून दर तासाला स्वतःचे छायाचित्र, स्थाननोंदीसह, पाठवायला लावले. रात्री दहा ते सकाळी सात तेवढी झोपेची सूट. हेतू प्रामाणिक होता. पण पत्ते एकदा व्हॉट्सअ‍ॅपवर फिरू लागले, की ते परत बोलावता येत नाहीत. भौतिकशास्त्रात याला अपरिवर्तनीय प्रक्रिया म्हणतात. नाव गाळले म्हणजे माहिती निनावी झाली, हा समजही मोडलेला आहे. मोंजोय आणि सहकाऱ्यांनी २०१३ साली १५ लाख लोकांच्या १५ महिन्यांच्या मोबाइल नोंदी अभ्यासल्या. कोण कोणत्या तासाला कोणत्या मनोऱ्याजवळ होते एवढीच माहिती, नावे नाहीत. अशा चारच नोंदी ९५ टक्के माणसांना वेगळे काढायला पुरेशा ठरल्या. वसतिगृह, प्रयोगशाळा, कोपऱ्यावरचे दर्शिनी उपाहारगृह आणि रविवारी मैत्रिणीचे घर: चार झाली.

या सगळ्यात एक विसंगती विज्ञानवाचकांच्या नजरेतून सुटू नये. एप्रिल २०२३ मध्ये केंद्राने ६,००३.६५ कोटी रुपयांचे राष्ट्रीय क्वांटम अभियान मंजूर केले. त्याच्या उद्दिष्टांत दोन हजार किलोमीटर अंतरावर उपग्रहाद्वारे सुरक्षित क्वांटम संदेशवहन आहे. बंगळुरूची रामन संशोधन संस्था या क्षेत्रात काही वर्षे उत्तम काम करत आहे. कोणी चोरून ऐकले तर ते ऐकणेच उघडकीस यावे, अशी निसर्गनियमांवर आधारलेली हमी राज्यसंस्थेला आपल्या संदेशांसाठी हवी आहे, आणि ते योग्यच आहे. त्याच राज्यसंस्थेने २०२१ च्या नियमांत संदेश पाठवणाऱ्या मूळ व्यक्तीचा माग लावता आला पाहिजे अशी अट घातली. त्यावर एप्रिल २०२४ मध्ये व्हॉट्सअ‍ॅपने दिल्ली उच्च न्यायालयात सांगितले, की कूटलेखन मोडायला लावले तर आपल्याला सेवाच बंद करावी लागेल. कंपनीचे स्वतःचे हितसंबंध आहेत आणि तिची नागरी स्वातंत्र्याची तळमळ फार मनावर घेऊ नये. तांत्रिक मुद्दा मात्र बिनतोड आहे. ग्रीसमध्ये २००४-०५ साली एका मोबाइल कंपनीच्या यंत्रणेतील, कायदेशीर श्रवणासाठीच ठेवलेली सोय अज्ञातांनी ताब्यात घेतली आणि खुद्द पंतप्रधानांसह शंभरहून अधिक जणांचे दूरध्वनी महिनोन्‌महिने ऐकले. पोलिसांसाठी ठेवलेल्या दाराला चोर ओळखता येत नाही.

त्रुटीचे आकडे जाहीर केले तर गुन्हेगार त्याचा फायदा घेतील, असे पोलिसांकडून ऐकू येते. लंडनच्या गुन्हेगारांना तो फायदा कसा झाला, हे कोणी दाखवून दिलेले नाही. दुसरी अडचण अधिक खरी आहे: पोलीस दलांकडे मनुष्यबळ नाही, आणि यंत्र हा त्यांना दिसणारा एकमेव आधार आहे. पण रोजचे १६७ खोटे इशारे तपासायलाही मनुष्यबळच लागते. प्रत्येकाला अर्धा तास धरला, तरी ८३ तासांहून अधिक, म्हणजे दहाहून अधिक शिपायांची पूर्ण पाळी. तपासले नाहीत, तर काही दिवसांत नियंत्रण कक्ष घंटेकडे दुर्लक्ष करायला शिकतो आणि ज्या दिवशी ती खरी असते त्या दिवशीही कोणी उठत नाही.

एप्रिल २०२५ पासून देशात विकल्या जाणाऱ्या सीसीटीव्ही कॅमेऱ्यांना सुरक्षा-चाचणी आणि प्रमाणपत्र सक्तीचे झाले आहे. परक्या देशाने त्यातून डोकावू नये, हा त्यामागचा हेतू. कॅमेरा कोणाला दिसू देतो याची चाचणी होते. कॅमेऱ्यामागचे यंत्र कोणाला चुकीचे ओळखते याची होत नाही. वास्तविक ती फार अवघड नाही. दिल्लीत सीएसआयआरची राष्ट्रीय भौतिक प्रयोगशाळा आहे, ब्रिटनमधील त्या संस्थेची भारतीय बहीण. बंगळुरूत भारतीय विज्ञान संस्था आणि भारतीय सांख्यिकी संस्थेचे केंद्र आहे. प्रदेश, वय आणि लिंग यांचे योग्य प्रमाण राखून संमतीने आलेले काही हजार स्वयंसेवक, एक रहदारीचा चौक, ठरवून दिलेली यादी आणि वेगवेगळे उंबरठे एवढ्यावर एका सत्राच्या आत निष्कर्ष हाती येतील. शहराने आधीच खर्च केलेल्या ४९६ कोटींच्या तुलनेत त्याचा खर्च लिहिण्याजोगा नाही.

तोवर त्याहूनही सोपे एक काम आहे, आणि त्यासाठी प्रयोगही लागत नाही. नियंत्रण कक्षाच्या नोंदवहीत महिनाअखेरीस दोन स्तंभ भरावेत: यंत्राने किती जणांकडे बोट दाखवले, आणि त्यांपैकी किती जण खरोखर यादीतले निघाले. हे दोन आकडे जाहीर केल्याने कोणाचे नाव उघड होत नाही, कोणताही तपास बिघडत नाही. विधानसभेत एखाद्या सदस्याने हा प्रश्न लेखी विचारला, तर गृहखात्याला त्याचे उत्तर द्यावे लागेल. बंगळुरूतील महाविद्यालयांत शिकणाऱ्या ज्या विद्यार्थ्यांना आपल्या मतदारसंघाचे आमदार कोण हे ठाऊक आहे, त्यांना पत्र लिहायला अर्धा तास पुरेल.